रंग परत येतोय, आणि मला आनंद होत नाही

ताई,

मी परफॉर्मन्स आर्टिस्ट आहे, वय 33. मला लहानपणापासून कोड आहे. चेहऱ्यावर, मानेवर, दोन्ही हातांवर. शाळेत जाण्याआधी आई मला रोज आरशासमोर बसवून डाग झाकायची. झाकताना तिची तीन वाक्यं ठरलेली असायची: 'हलू नकोस', 'उजेडाकडे तोंड कर', 'आता कुणाला कळायचं नाही'. सहा वर्षांपूर्वी मी यावर 'कोडं' नावाचा परफॉर्मन्स केला. स्टुलावर बसून 40 मिनिटं मी आरशात बघत एकेक डाग झाकते आणि आईची वाक्यं म्हणत राहते. सगळे झाकून झाले की प्रेक्षकांपुढे ओला कापूस ठेवते. ज्याला वाटेल त्याने यावं आणि पुसावं.

या कामाने मला नाव दिलं. आता मला बोलावतात तेही 'कोडं'साठीच. नवीन काही सुचवलं की आयोजक म्हणतात, छान आहे, पण यंदा 'कोडं'च करू या. एकाने तर विचारलं, डाग जरा उठून दिसतील असं काही करता येईल का? मोठी बहीण म्हणते, तू आईला चव्हाट्यावर आणलंस आणि त्यावर पोट भरतेस. आईने प्रयोग पाहिलेला नाही. मी कधी बोलावलंही नाही.

गेल्या वर्षी नवे डाग यायला लागले म्हणून प्रकाशोपचार सुरू केले. चेहऱ्यावर रंग परत येतोय. डॉक्टरांना आनंद झाला, मला झाला नाही. मागच्या प्रयोगाआधी तीन आठवडे मी मुद्दाम उपचारांना गेले नाही. (आणि त्या प्रयोगात, गालावरचा जो डाग भरून आलाय तिथे मी आत खोलीत पांढऱ्या रंगाने डाग काढला, आणि मग तो सगळ्यांसमोर झाकला. कुणाच्या लक्षात आलं नाही.)

मी स्वतःला मांडतेय की विकतेय? आणि डाग गेले तर मी करायचं काय? मला अगं-तुगंच करा.

— कोड्यात पडलेली


कोड्यात पडलेली,

पत्र तीनदा वाचलं आणि तिन्ही वेळा त्या कंसाशी अडखळले. माणसं खरी गोष्ट ताजा कलमात लिहितात, नाहीतर कंसात. बहिणीचं, आयोजकांचं, मांडण्या-विकण्याचं बोलूच. पण आधी कंस.

या सदरात येण्याआधी मी बावीस वर्षं नाटकांची रंगभूषा केली. त्यामुळे तुझं ते वाक्य वाचून माझ्या डोक्यात आधी नीती-अनीती आली नाही, थर आले. तू गालावर पांढरा लावलास. त्यावर कातडीच्या रंगाचा बेस. मग कुणीतरी उठून पुढे आलं आणि ओल्या कापसाने पुसलं. कापसाला काय कळतंय, वरचा थर कुठला आणि खालचा कुठला? दोन्ही एकदमच निघाले असणार. कापसावर आधी तपकिरी, मग पांढरट लगदा आला असणार. आणि गालावर उघडी पडली असणार ती तुझी साधी, रंग भरलेली कातडी. डाग तिथे नव्हताच! पुसणारा माणूस हातभर अंतरावर उभा. आणि तरी त्याला तो दिसला.

म्हणजे तो बघत नव्हता. जे सांगून त्याला तिथे आणलं होतं, ते तो आठवत होता.

तुला वाटतंय की तू फसवलंस. थोडं फसवलंसच, त्यावर येते. पण सहा वर्षांत तुझ्या कामात घडलेली सगळ्यांत मोठी गोष्ट त्या दिवशी घडली आणि तू ती कंसात कोंबलीस. 'आता कुणाला कळायचं नाही' हे आईचं वाक्य तू किती वेळा म्हटलं असशील. ते खरं कधी झालं नाही, कारण शेवटी कापूस होताच. त्या दिवशी कापूस फिरूनही ते खरं ठरलं. मी तुझ्या जागी असते तर रात्रभर झोपले नसते, आणि ते अपराधीपणाने नव्हे.

माझ्याकडे एक नट रंगायला बसायचा. ऐन पस्तिशीत त्याला एका म्हाताऱ्याची भूमिका मिळाली आणि ती तुफान चालली. दर प्रयोगाला मी त्याच्या कपाळावर चार आणि तोंडाच्या कडांना दोन सुरकुत्या काढायचे. सतरा वर्षांनी त्याच नाटकाचे प्रयोग पुन्हा लागले. आता त्याच्या स्वतःच्या सुरकुत्या होत्या, चांगल्या खोल, पण वेगळ्या जागी. मी म्हटलं, आता नुसता हलका बेस देते, बाकी तुमचं तुमच्यापाशी आहेच. तो म्हणाला, नको, जुन्याच काढ, लोकांना त्या ओळखीच्या आहेत. मग मी त्याच्या खऱ्या सुरकुत्या बुजवल्या आणि शेजारी खोट्या काढल्या. मला हसू आवरत नव्हतं. तो मात्र आरशात अगदी गंभीर होता. आज तुझं पत्र वाचताना मला त्याचा तो चेहरा आठवला, आणि या वेळी हसू आलं नाही.

तर मुद्दा हा, की स्टुलावर बसते ती तू नाहीस. तुझं नाव, तुझी कातडी आणि तुझ्या आईची वाक्यं घेऊन तू बनवलेली ती एक बाई आहे. हे तुला मी सांगायला नको, तू या क्षेत्रातली आहेस. पण आपल्या बाबतीत माणूस हेच नेमकं विसरतो. सिंडी शर्मन या अमेरिकन छायाचित्रकार कलावतीने 1977 ते 1980 या काळात स्वतःचेच सुमारे 70 कृष्णधवल फोटो काढले. प्रत्येकात तीच, कधीच न बनलेल्या सिनेमातल्या कुणा नायिकेसारखी. चेहरा तिचा, पण ती स्वतः त्यांना आत्मचित्रं मानत नाही. आपल्याकडच्या कलावती पुष्पमाला एन. यांनी छायाचित्रकार क्लेअर आर्नीबरोबर 2000 ते 2004 मध्ये दक्षिण भारतीय बायकांच्या ठरीव प्रतिमा स्वतःवर चढवून फोटो काढले. त्यातही चेहरा एकच आणि 'मी' अनेक. या दोघींना एक सोय होती. कपडे बदलले, केसांचा टोप उतरवला की सोंग उतरलं. तुझं सोंग कातडीचं. ते विंगेत काढून खुंटीला अडकवता येत नाही. तुझं ती आणि तू एकमेकींत मिसळून जाणं म्हणूनच सोपं झालं. यात तुझ्या चारित्र्याचा दोष नाही. कामाच्या रचनेतच उतरण्याची जागा ठेवायची राहून गेली.

उतरण्याची जागा म्हणजे काय, ते एका उदाहरणाने सांगते. लिन हर्शमन लीसन या अमेरिकन कलावतीने 1973 मध्ये रॉबर्टा ब्रेटमोर नावाची बाई तयार केली. तयार केली म्हणजे शब्दशः. तिला भाड्याचं घर, वाहन चालवण्याचा परवाना, क्रेडिट कार्ड. रॉबर्टा म्हणून ती मानसोपचारतज्ज्ञाकडे जायची, वर्तमानपत्रात जाहिरात देऊन अनोळखी माणसांना भेटायची. चेहरा कुठे कसा रंगवायचा याचा नकाशा तिने स्वतःच्याच फोटोवर काढून ठेवला होता (माझ्यासारखीला ते बघून भरून येतं). काही वर्षांनी तिने काय केलं? दुसऱ्या बायकांना रॉबर्टा केलं. रॉबर्टा एकाच वेळी तीन-चार ठिकाणी वावरू लागली. आणि 1978 मध्ये इटलीतल्या फेरारा शहरात, ल्युक्रेझिया बोर्जिया या जुन्या काळातल्या सरदार घराण्यातल्या बाईच्या समाधीशी, रीतसर विधी करून तिने तिला निरोप दिला. भूत उतरवावं तसं.

यातल्या दोन गोष्टी तुझ्या कामाच्या आहेत. एक, सोंग दुसऱ्याच्या अंगावर जाऊ शकतं. दुसरी, त्याला शेवटची तारीख असते.

पहिली थोडी अवघड आहे, म्हणून त्यावर जरा थांबते. 'कोडं' दुसऱ्या कुणी केलं तर? तू म्हणशील, ते माझ्या कातडीवर उभं आहे. मला तसं वाटत नाही. ते तुझ्या आईच्या हातावर उभं आहे. झाकणारा हात, घाई, शाळेची वेळ, 'हलू नकोस'. ज्या मुलीच्या तोंडावर भाजल्याचा व्रण आहे तिला हे कळेल. ज्याला ओठाखाली मस आहे त्यालाही कळेल. योको ओनो या जपानी कलावतीने 1964 मध्ये क्योटोत पहिल्यांदा मंचावर बसून प्रेक्षकांना आपले कपडे कात्रीने कापायला लावले. पण ते काम तिने सूचनांच्या रूपातही लिहून ठेवलं, आणि करणारी व्यक्ती बाईच हवी असंही नाही म्हणाली. पुढे इतरांनी ते केलं. ती स्वतः 2003 मध्ये पॅरिसला, वयाच्या सत्तराव्या वर्षी, पुन्हा बसली. तेव्हा तिचं अंग 1964 सालचं नव्हतं आणि ते लपवायची तिला गरज पडली नाही, कारण काम अंगात नव्हतं, सूचनेत होतं. तू बसून 'कोडं'ची सूचना लिहून काढ. एका पानात. त्यात 'कोड' हा शब्द घालावाच लागतो का, ते बघ. मला वाटतं, लागणार नाही. लागला, तर मी चुकले आणि तू मला तसं कळव.

आता फसवणूक. तुझ्या प्रयोगाच्या माहितीपत्रात तू स्वतःच्या अंगावरचे डाग झाकतेस असं छापलेलं असणार. आत खोलीत बसून नवा डाग काढणं आणि बाहेर त्याला खरा म्हणून झाकणं, ही लबाडी आहे. लहानशी, पण आहे. तीच कृती लोकांसमोर केलीस तर लबाडी उरत नाही, काम होतं. दोन्हींत फरक फक्त एका दाराचा. 2014 मध्ये अमालिया उलमन या कलावतीने काही महिने इन्स्टाग्रामवर एक बनावट आयुष्य चालवलं, अगदी स्तनांची शस्त्रक्रिया झाल्याचं नाटकसुद्धा केलं. लोकांना ते खरंच वाटलं. शेवटी तिने सांगून टाकलं की हा सगळा रचलेला प्रयोग होता. न सांगता सोडून दिलं असतं तर ती नुसती थाप राहिली असती. तूही सांग. कुणाची माफी मागत नव्हे. स्टुलावर बसून, आरशासमोर, पांढरा रंग हातात घेऊन.

आणि काढायचाच असेल तर नीट काढ. व्यावसायिक सवय म्हणून सांगते: रंगभूषेतला पांढरा खडूसारखा दिसतो, त्यात किंचित गुलाबी मिसळावा लागतो. कोडाची कड स्पष्ट असते पण सरळ कधीच नसते, नकाशातल्या किनाऱ्यासारखी बाकदार जाते. भरून येणारा डाग तर याहून कठीण. केसांच्या मुळांशी आधी बारीक तपकिरी ठिपके उगवतात आणि मग ते एकमेकांना जाऊन मिळतात. तुझ्या गालावर हे गेलं वर्षभर घडतंय. तू ते जवळून पाहिलंयस का? की फक्त किती गेले तेवढंच मोजलंस?

उपचारांबद्दल. इथे मी जरा कडक होणार आहे. प्रयोगासाठी उपचार बुडवू नकोस. याचा अर्थ डाग घालवलेच पाहिजेत असा मुळीच नाही. कोड हा काही लागणारा रोग नाही, त्याचा कुष्ठरोगाशी काडीचा संबंध नाही. आपल्याच प्रतिकारशक्तीने रंगपेशी नष्ट होतात, एवढंच. उपचार न घेता आनंदाने जगणारे पुष्कळ आहेत आणि उद्या तुला तसं वाटलं तर डॉक्टरांना तसं सांगून थांबव. पण तो निर्णय सकाळी चहाच्या वेळी, तुझ्या एकटीचा असावा. आयोजकाच्या वेळापत्रकाने घेतलेला नको. आणि बहिणीला बरं वाटावं म्हणून घेतलेलाही नको. कातडीचा हिशेब वेगळ्या वहीत, कामाचा वेगळ्या. मागच्या प्रयोगाआधी तू दोन्ही एकाच पानावर लिहिलेस.

शिवाय एक गोष्ट आहे जी तुझ्या पत्रात दोन वेगवेगळ्या ओळींत पडली आहे आणि तू जोडलेली नाहीस. नवे डाग यायला लागले म्हणून तू उपचार सुरू केलेस. आणि सहा वर्षं अनोळखी माणसं तुझा चेहरा आणि हात कापसाने पुसताहेत. कोडात कातडीला सतत घर्षण झालं, खरचटलं, जखम झाली, तर त्या जागी नवा डाग उमटू शकतो. त्वचारोगतज्ज्ञ याला कोबनर परिणाम म्हणतात. तुझ्या बाबतीत तसंच झालंय असं मी म्हणत नाही, ते तपासणाऱ्याने सांगायचं. पण तू तुझ्या डॉक्टरांना 'कोडं' नेमकं कसं चालतं हे सांगितलं आहेस का? कापूस, किती माणसं, किती जोरात? पैजेवर सांगते, 'मी कलाकार आहे' एवढंच सांगितलं असशील.

तसंही त्या कापसाबद्दल मला पहिल्यापासून शंका आहे. प्रेक्षकाच्या हाती आपलं अंग देणं हा तुमच्या कलेतला मानाचा प्रकार, ठाऊक आहे. मरिना अब्रामोविच या परफॉर्मन्स कलावतीने 1974 मध्ये इटलीतल्या नेपल्समध्ये टेबलावर 72 वस्तू मांडल्या, त्यात पिस्तूल आणि गोळीही होती, आणि सहा तास स्वतःला लोकांच्या स्वाधीन केलं. शेवटी कपडे फाडण्यापर्यंत आणि पिस्तूल तिच्यावर रोखण्यापर्यंत मजल गेली. वेळ संपल्यावर ती हलू लागली, लोकांकडे चालू लागली, तेव्हा तिच्या नजरेला नजर देणं कुणाला जमेना आणि ते निघून गेले. या कथेतून लोक 'प्रेक्षक किती क्रूर' एवढंच घेतात. मला तिच्यातले 'सहा तास' जास्त महत्त्वाचे वाटतात. तिने वेळ ठरवली होती. ते एकदाच होतं. तुझा कापूस गेली सहा वर्षं तिथेच आहे. कुणी किती वेळ पुसायचं, किती जणांनी, काही ठरलंय? की दर वेळी पुसणाऱ्याच्या मर्जीवर?

अटी लिहायच्या कशा, ते तैवानमध्ये जन्मलेल्या तेहचिंग श्ये या परफॉर्मन्स कलाकाराकडून शिकावं. 1980-81 मध्ये त्याने वर्षभर, दिवसरात्र, दर तासाला कारखान्यात असतं तसल्या घड्याळात कार्ड ठोकलं. 8,760 पैकी 133 वेळा हुकला, आणि त्याचीही कारणांसकट नोंद ठेवली. प्रत्येक कामाआधी तो एक साधं पान टंकलिखित करायचा: मी अमुक करीन, या तारखेपासून त्या तारखेपर्यंत. खाली सही. वेड लागण्यासारखं काम, आणि त्याने ते पेललं यात त्या कागदाचा मोठा वाटा असावा, असं माझं मत. तुझ्याकडे असा कागद नाही. म्हणून प्रयोग संपल्यावरही तो चालूच राहतो, आणि घरी, दवाखान्यात, आरशासमोर तू त्याचीच तालीम करत बसतेस.

विकण्याबद्दल फार बोलणार नाही. सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं सोंग आणता येत नाही. 'कोडं'वर तुझं घर चालतं, तर चालतं. गायिका गळा विकते असं कुणी म्हणत नाही. पण आयोजकाने 'डाग उठून दिसतील असं काही' विचारलं आणि तू ते केलंस, तिथे मात्र तुझी बाई तुझ्या हातून सुटली. तो सांगणार आणि तू तशी दिसणार. तुझी आई सांगायची तेच, फक्त उलटं. आई डाग झाक म्हणायची, हा दाखव म्हणतो.

एड्रियन पायपर या अमेरिकन कलावतीचं नाव तुला माहीत असणारच. 1973 ते 75 या काळात ती केसांचा टोप, मिशा, काळा चष्मा लावून एका पुरुषाच्या वेशात न्यूयॉर्कच्या रस्त्यांवर फिरायची आणि स्वतःच्याच जुन्या रोजनिशीतलं एखादं वाक्य जपासारखं म्हणत राहायची, त्यातलं 'माझं' निघून जाईपर्यंत. पुढे आयुष्यभर तिचं काम वंशाच्या शिक्क्यांवर राहिलं, आणि लोक तिला शिक्क्यानेच ओळखत राहिले. मग 2012 मध्ये, आपल्या 64 व्या वाढदिवशी, तिने जाहीर केलं की आपण कृष्णवर्णीय असण्यातून निवृत्त होतोय. पूर्वजांपैकी सोळावा हिस्सा आफ्रिकी, म्हणून आपला रंग 6.25 टक्के करडा! दुसऱ्याच वर्षी न्यूयॉर्कमध्ये कृष्णवर्णीय कलाकारांच्या परफॉर्मन्सचं प्रदर्शन भरलं, त्यात तिचं तेच मिशांवालं काम होतं. ते तिने प्रदर्शनातून काढून घ्यायला लावलं. बऱ्याच जणांना ते आवडलं नाही. मला फार आवडलं. 'तुमचा कप्पा तुमच्यापाशी ठेवा' हे इतक्या टक्केवारीनिशी कुणी सांगितलेलं मी दुसरीकडे ऐकलं नाही.

पुढचं आमंत्रण आलं की त्या आयोजकाला साधारण असं लिही:

'कोडं'चे मी आता मोजकेच प्रयोग करणार आहे, त्यानंतर ते बंद. माझ्या त्वचेवर त्या दिवशी जे असेल ते असेल. ते वाढवून वा कमी करून मागू नये. पुसण्याचा भाग आता नाही. यानंतर मी जे नवं करतेय ते सोबत पाठवतेय, दोन्ही एकत्र घेणार असाल तर येते.

तो नाही म्हणू शकतो. काही जण म्हणतीलच. मोजकेच म्हणजे किती, ते तू ठरव. पण आकडा लिही. 'मोजके' या शब्दात माणूस दहा वर्षं काढतो.

आता आई. बहीण चव्हाटा म्हणते, तो शब्द मला जड वाटतो. पण ती पूर्ण चुकीची नाही. पायपरने रोजनिशी वापरली ती स्वतःची. तू वापरतेस ती वाक्यं तुझ्या आईची. गाल तुझा, वाक्यं तिची. सहा वर्षांत शेकडो अनोळखी लोकांनी ती ऐकली आणि मनात तिची एक प्रतिमा तयार केली: मुलीला लाजवणारी बाई. ती तशी असेलही. किंवा वर्गात पोरं काय म्हणतील या धास्तीने रोज सकाळी अर्धा तास लवकर उठणारी एक बाई असेल. बहुधा दोन्ही. तुझ्या प्रयोगात तिला उत्तर द्यायला जागा नाही, आणि तू तिला बोलावलं नाहीस ते तेवढ्यासाठीच, असा माझा कयास आहे.

परवानगी मागू नकोस. सहा वर्षांनी मागितलेली परवानगी हा नुसता उपचार असतो, आणि ती नाही म्हणाली तर तू काय करणार आहेस? तिला फक्त दाखव. प्रेक्षकांशिवाय, घरात, तिच्या वेळेने. स्टूल, आरसा, डबी. तुझ्या हाताचा कोन ती बघेल. मला एक दाट शंका आहे, ती तुला अडवून म्हणेल, 'अगं असं नाही, आधी मानेकडून सुरुवात करायचे मी.' किंवा म्हणेल, 'हे मी असं कधी बोललेच नाही.' दोन्ही झालं तर दोन्ही लिहून घे. तुझ्या आठवणीत तीन वाक्यं उरली आहेत. इतक्या सकाळींत तिने चौथं काही म्हटलंच नसेल, हे मला पटत नाही. ती काही न बोलता उठून गेली, तर तिला जाऊ दे, मागे जाऊ नकोस. दोन दिवसांनी चहा दे.

राहिला तो न झालेला आनंद. त्याबद्दल तू स्वतःला कृतघ्न ठरवलेलं दिसतंय. ज्या चेहऱ्याशी तू तीसएक वर्षं भांडून, रुसून, शेवटी कुठे जमवून घेतलं, तो चेहरा आता तुला न विचारता बदलतोय. परत येतोय म्हणतेस, पण परत कुठला? रंगाने भरलेला हा गाल तू मोठेपणी कधी पाहिलेलाच नाहीस. डॉक्टरांच्या दृष्टीने ते बरं होणं आहे, तुझ्या दृष्टीने घरात एक अनोळखी पाहुणी आली आहे. तिच्याकडे बघून लगेच हसायची सक्ती नाही. आणि डाग सगळे जातील असं धरूनही चालू नकोस. चेहरा-मान उपचारांना चांगली दाद देतात, हाताची बोटं फार हट्टी असतात. भरलेला डाग पुन्हा उमटतो असंही होतं. कोड तसंही एका जागी थांबणारं नाही, आणि सहा वर्षं तू मात्र एकाच स्टुलावर.

पत्रात एक लिहायचं राहिलं: उपचारांची पुढची तारीख कधीची आहे? ती चुकवू नकोस. डॉक्टरांना कापसाचं सांग. आणि जाताना चेहऱ्याला क्रीम, पावडर, बेस काहीही लावू नकोस. त्या दिव्यांपुढे चेहरा कोराच लागतो.